'खोरा' म्हणजे नेमकं काय? इस्तंबूलच्या एका मठाच्या नावाची भानगड

उंबरठा (धागाकर्ता)

गेल्या ऑक्टोबरात इस्तंबूलला जाणं झालं. आया सोफिया, निळी मशीद, झाकलेला बाजार हे सगळं रीतसर उरकलं. त्याबद्दल इथे पुष्कळ लिहून झालंय, मी भर घालत नाही. शेवटच्या दिवशी मात्र जुन्या तटाजवळच्या एका लहानशा वास्तूत अडीच तास काढले आणि तेव्हापासून डोक्यात एक किडा वळवळतोय. तो इथे सोडतो, म्हणजे माझी सुटका.

या वास्तूचं आजचं तुर्की नाव 'करिये जामी'. इंग्रजी पुस्तकांत हीच वास्तू 'होली सेव्हियर इन कोरा'. आणि बायझंटाइन काळातले (म्हणजे इस्तंबूल अजून कॉन्स्टँटिनोपल होतं, १४५३ च्या आधीचे) ग्रीक लेखक नुसतंच 'खोरा' म्हणतात, फार तर 'खोराचा मठ'.

'खोरा' हा साधा, रोजच्या वापरातला ग्रीक शब्द. जागा, मुलूख, शहराबाहेरचा प्रदेश. त्याच घरातला 'खोरिओन' म्हणजे खेडं. त्यामुळे बहुतेक पुस्तकं एका ओळीत निकाल लावतात: मठ शहराबाहेर रानात होता म्हणून खोरा. आपल्याकडे वेशीबाहेरचा मारुती असतो तसं. गाव वाढतं, वेस पोटात जाते, मारुतीच्या शेजारी मोबाइलचं दुकान येतं, तरी मारुती वेशीबाहेरचाच. मलाही हे पटलं होतं. मग आत गेलो.

या मठाला पुढच्या बाजूला दोन ओसऱ्या आहेत, एकीच्या आत दुसरी. बाहेरच्या ओसरीतून आतल्या ओसरीत जाताना दारावर सोनेरी मोझेकमध्ये ख्रिस्त आहे आणि दोन्ही बाजूंना अक्षरं: 'येशू ख्रिस्त, जिवंतांची खोरा'. पाठ वळवून मागे बघितलं तर ज्या दारातून आपण शिरलो त्याच्यावर मरिया, छातीशी वर्तुळात बाळ. तिच्या बाजूची अक्षरं: 'देवमाता, न मावणाऱ्याची खोरा'.

म्हणजे मठाचं नाव एका दारावर ख्रिस्ताचं विशेषण झालंय आणि समोरच्या दारावर त्याच्या आईचं. मधे आपण उभे. शेतात होता म्हणून खोरा, हे उत्तर तिथे उभं राहून एकदम तोकडं वाटायला लागतं.

ही अक्षरं लिहवून घेणारा माणूस थिओडोर मेटोखिटिस. सम्राट दुसरा अँड्रोनिकोस याचा कारभारी, कवी, खगोलाचा अभ्यासक, ॲरिस्टॉटलवर लिहिणारा. साधारण १३१५-१६ पासून १३२१ पर्यंत त्याने हा मोडकळीला आलेला मठ पुन्हा उभा केला. आतल्या दारावर तो स्वतःही आहे: गुडघे टेकून, हातात मठाची छोटी प्रतिकृती, डोक्यावर भोपळ्याएवढी पांढरी-सोनेरी टोपी. शेजारी नाव आणि हुद्दा, 'लोगोथेटिस तू गेनिकू'. आपल्या भाषेत महसूलमंत्री. इथे मला हसू आलं. बायझंटाइन महसुलाचा पायाच 'खोरिओन', म्हणजे सारा भरणारं गाव. आयुष्यभर ज्या दप्तरात खोरिओनांचे आकडे मोजले, त्याच दप्तरातला शब्द उचलून या माणसाने देवाच्या डोक्याशी लावला.

आता जुन्या लिखाणात नाव कसं येतं ते बघू. ६१२ साली सम्राट हेराक्लियसने क्रिस्पोस नावाच्या बड्या सेनापतीचा काटा काढला. (काही ग्रंथांत तो प्रिस्कोस आहे. माणसांच्या नावांचीही भानगडच.) त्याचं मुंडण करून त्याला खोरामध्ये बसवला. ७१२ मध्ये कुलगुरू (पेट्रिआर्क, म्हणजे इथल्या चर्चचा प्रमुख) कीरोसला पदावरून काढून इथेच डांबला. पुढे मूर्तिभंजकांच्या काळात पद गमावलेला कुलगुरू गेर्मानोस याला इथे पुरलं. या सगळ्या नोंदींत 'खोरा' हा फक्त पत्ता आहे. खरं तर नकोशी माणसं नजरेआड ठेवायचा पत्ता. त्यात कुठे गूढार्थ नाही.

११५२ मध्येही तसंच. सम्राट पहिल्या अलेक्सिओसचा मुलगा आयझॅक याने तिसाएक वर्षांपूर्वी हा मठ डागडुजी करून आपल्या थडग्यासाठी तयार ठेवला होता. मग तो थ्रेसमध्ये गेला, तिथे नवा मठ बांधला, आणि त्या मठाच्या नियमावलीत त्याने लिहून ठेवलंय की माझं थडग्याचं सामान खोरामधून इकडे हलवा. घर बदलताना कपाट हलवावं तसं. इथेही खोरा म्हणजे ठिकाण, बाकी काही नाही.

माझा अंदाज असा: सात-आठशे वर्षं हा निव्वळ पत्ता होता. अर्थ नंतर चढला, आणि आज दिसतो त्या थाटात तो मेटोखिटिसने चढवला. नाव अर्थामुळे पडलेलं नाही, अर्थ नावामुळे सुचलेला आहे.

जाणकारांनी चुका काढाव्यात.

---

नावात_काय

वाखुसा (वाचनखूण साठवली). सुंदर लिहिलंय, पण एक मोठं भोक आहे आणि ते तुम्ही मारुतीच्या शेंदराने बुजवलंय.

थिओडोसियसचा तट ४१३ चा. मठ त्या तटाच्या *आत* आहे. बाहेर म्हणायचं तर कॉन्स्टंटाइनच्या जुन्या तटाच्या बाहेर, म्हणजे ४१३ च्या आधीचं नाव असायला हवं. आणि तिथे सापडलेलं सर्वांत जुनं बांधकाम सहाव्या शतकातलं. मग जो मठ जन्मला तेव्हाच शहराच्या आत होता, त्याला 'शहराबाहेरचा' हे नाव कोणी आणि का दिलं? तुमचा मारुती आधी वेशीबाहेर होता, मग आत आला. हा मारुती तर आतच जन्मला.

---

उंबरठा

@नावात_काय, बरोबर पकडलंत. हे मी मुद्दाम टाळलं होतं, धागा लांबेल म्हणून. आता लांबवतो.

जुना पुरावा म्हणून एक गोष्ट सांगितली जाते. संत बाबिलास याचे शिष्य तिसऱ्या शतकाच्या अखेरीस मारले गेले आणि जिथे पुढे खोरा झाला तिथे त्यांना पुरलं. पण हे लिहिणारा सिमिओन मेताफ्रास्तेस दहाव्या शतकातला, म्हणजे घटनेनंतर जवळजवळ सातशे वर्षांनी. दुसरी कथा संत थिओडोरच्या चरित्रातली: हा सम्राट जस्टिनियनची राणी थिओडोरा हिचा काका, त्याने मठ काढला, ५५७ च्या भूकंपात तो पडला, मग जस्टिनियनने बांधून दिला. राणीचा काका मिळाला की कुठल्याही मठाची पत वाढते, त्यामुळे अभ्यासक या चरित्राला दंतकथाच मानतात.

मला सर्वांत मोलाची वाटते ती 'पात्रिया' या संग्रहातली नोंद. दहाव्या शतकाच्या शेवटी गोळा केलेल्या कॉन्स्टँटिनोपलच्या स्थळकथा आहेत या. निम्म्या गप्पा, निम्मा इतिहास. तिथे मठ बांधल्याचं श्रेय वर आलेल्या क्रिस्पोसलाच दिलंय (ज्याला तिथे डांबला तोच बांधणारा झाला, गप्पांचं हे असंच असतं). पण नावाचं कारणही दिलंय: तिथे बायझेंटियमवाल्यांचं (हे शहराचं त्याहून जुनं नाव) एक खेडं होतं म्हणून खोरा, आणि स्टुडिओस मठाप्रमाणे हाही शहराबाहेर होता.

स्टुडिओसची जोड महत्त्वाची आहे. तो मठ पाचव्या शतकातला, तोही दोन तटांच्या मधला, म्हणजे तुमच्या हिशोबाने तोही 'आत'च जन्मलेला. तरी पात्रियाचा लेखक दोघांनाही बाहेरचे म्हणतो. कारण नवा तट बांधला म्हणून मधल्या पट्ट्यात लगेच शहर वसलं नाही. तिथे मळे होते, पाण्याची मोठी उघडी टाकी होती, मठ होते, दफनभूमी होती. लोकांच्या लेखी शहर जुन्या तटाशीच संपत होतं. कागदोपत्री हद्दीत आलेलं गाव पन्नास वर्षं गावच असतं, हे पुणेकराला वेगळं सांगायला नको.

थोडक्यात, मारुती आत जन्मला हे खरं. पण ज्या शेतात जन्मला त्या शेताचं नाव आधीपासून 'बाहेर' होतं. मठाने जमिनीचं नाव घेतलं.

---

नावात_काय

हे चालेल. ग्राह्य धरतो. शेंदराबद्दलचे शब्द मागे.

---

तिसरी_घंटा

लेख वाचताना मी सारखं 'खोरं' वाचतेय. मुळशी खोरं, पवन मावळ खोरं. काही संबंध?

---

उंबरठा

@तिसरी_घंटा ताई, काडीचाही नाही, निव्वळ योगायोग. शिवाय 'खोरा' हे मी मराठीत कसंबसं बसवलंय. आजचे ग्रीक लोक पहिलं अक्षर घशातून घासून काढतात, ऐकायला 'होरा'च्या जवळ जातं. इंग्रजीवाले 'कोरा' म्हणतात. कोरा चहा, कोरा कागद, कोरा मठ.

---

ग्रहगोल

'होरा' म्हटल्यावर मला गप्प बसवेना. आपल्या ज्योतिषातली होरा ग्रीक शब्दावरून आली असं शिकलोय. म्हणजे मठाचं नाव आणि आमची होरा एकच की काय?

---

पोथीवाला

@ग्रहगोल, नाही हो. दोन वेगळे ग्रीक शब्द आहेत. आपली होरा ज्यावरून आली तो 'होरा' म्हणजे तास, वेळ. इंग्रजी 'अवर' त्याच घरातला. मठाचा 'खोरा' म्हणजे जागा. ग्रीक लिपीत पहिलं अक्षरच वेगळं.

पण तुम्ही नकळत या धाग्याला फार चांगलं उदाहरण दिलंत. वराहमिहिराच्या बृहज्जातकात पहिल्याच अध्यायात होरा शब्दाची व्युत्पत्ती आहे. तो सांगतो, काहींच्या मते 'अहोरात्र' शब्दातलं पहिलं आणि शेवटचं अक्षर गाळलं की 'होरा' उरते. अ गेला, त्र गेलं, होरा राहिली. किती चपखल! आणि इतिहास म्हणून साफ चूक, कारण शब्द परदेशातून आलेला. पण ज्याला अहोरात्राचं गणित करायचंय त्याच्यासाठी ही व्युत्पत्ती खोटी नाही, उपयोगी आहे. शब्द कुठून आला यापेक्षा तो आता आपल्यात कसा बसतो हे ती सांगते.

मेटोखिटिस हेच करतोय. तो नावाचा उगम सांगत नाही. मिळालेलं नाव तो घरात बसवून घेतोय.

---

ग्रहगोल

दंडवत. होरा चुकली तरी फळ चांगलं मिळालं.

---

रमेदीच्या_वाटेवर

मी वसईची. दोन गोष्टी.

एक, 'जिवंतांची खोरा' हे मेटोखिटिसच्या डोक्यातून आलेलं नाही. स्तोत्रसंहितेतलं ११६ वं स्तोत्र आहे (ग्रीक क्रमांकात ११४ वं): मी जिवंतांच्या भूमीत परमेश्वरासमोर चालेन, असा आशय. ग्रीक भाषांतरात या 'भूमी'साठी शब्द 'खोरा'च आहे. मयताच्या प्रार्थनांत हे स्तोत्र येतं. मेटोखिटिसने त्या मठात पुढे बाजूला एक लांबट प्रार्थनागृह बांधलं, ते थडग्यांसाठी. ज्याला आपल्या मरणाची जागा तयार करायचीय त्याला 'जिवंतांची खोरा' हे शब्द सापडले, यात मला पांडित्य कमी आणि भीती जास्त दिसते. भीती म्हणा किंवा आशा.

दुसरं, तुमच्या मठाने जमिनीचं नाव घेतलं. आमच्याकडे उलटं झालंय. पापडीजवळचं आमचं देऊळ पोर्तुगीज काळातलं, 'अवर लेडी ऑफ रेमेडीज' या नावाचं. त्या 'रेमेडीज'चं लोकांनी 'रमेदी' केलं आणि आता अख्ख्या वस्तीचं नाव रमेदी आहे. रिक्षावाल्याला रमेदी म्हटलं की तो आणून सोडतो. त्याला रेमेडीचा अर्थ विचारू नका.

---

उंबरठा

@रमेदीच्या_वाटेवर, हे वाचून अंगावर काटा आला. त्या प्रार्थनागृहाच्या टोकाच्या अर्धघुमटात ख्रिस्त पाताळाची दारं मोडून आदाम आणि हव्वेला मनगटाला धरून थडग्यांतून ओढून काढतोय असं भित्तिचित्र आहे. मी चित्र पाहिलं, नाव पाहिलं, पण दोन्ही एकत्र वाचले नाहीत. ती दोघं ओढली जातायत ती 'जिवंतांच्या खोरा'तच.

माझ्या मूळ लेखात दुरुस्ती: 'महसूल दप्तरातला शब्द उचलून लावला' हा माझा विनोद अर्धाच खरा. शब्द दप्तरातला होता तसा प्रार्थनेतलाही होता. मरियेच्या बाजूची अक्षरंही अशीच जुन्या स्तोत्रातून आलीत. 'अकाथिस्तोस' नावाचं मरियेचं प्रसिद्ध ग्रीक स्तोत्र आहे, उभं राहून म्हणायचं. त्यात तिला 'न मावणाऱ्या देवाची खोरा' असं संबोधलंय. म्हणजे मठात येणाऱ्या कुठल्याही साध्या माणसाला ही ओळ पाठ असणार. त्याला ती कोड्यासारखी वाटली नसेल, ओळखीची वाटली असेल.

---

सखाराम_गटणे_नाही

प्लेटोचं काय? त्याच्या 'टिमेअस'मध्ये 'खोरा' ही मोठी संकल्पना आहे. सगळं जिच्यात आकार घेतं ती जागा. मेटोखिटिससारख्या विद्वानाला हे माहीत नसणं शक्यच नाही.

---

उंबरठा

माहीत असणारच. पण भिंतीवरचे शब्द हुबेहूब स्तोत्रातले असताना प्लेटोला बोलवायची गरज पडत नाही. विद्वानाच्या मनात तोही असेल, नाकारत नाही. पण ओसरीत त्याला जागा नाही.

---

पोथीवाला

आता मुख्य प्रश्न. 'न मावणाऱ्याची खोरा' हे भाषांतर पांगळं आहे हो. मूळ ग्रीकमध्ये श्लेष आहे: 'खोरा तू अखोरितू'. खोरा म्हणजे जागा, आणि 'अखोरितोस' म्हणजे ज्याला जागाच पुरत नाही तो. एकाच धातूतून दोन्ही. मराठीत जमेल का कुणाला?

---

तिसरी_घंटा

'असीमाची सीमा'?

---

पोथीवाला

श्लेष आला, पण सीमा म्हणजे कड. मरिया कड नाही, पोट आहे. तिच्यात तो मावला.

---

ग्रहगोल

'अमापाचं माप'. मापात मावतं की!

---

सखाराम_गटणे_नाही

किराणा दुकान झालं.

---

रमेदीच्या_वाटेवर

'ठाव' कसा वाटतो? ठाव म्हणजे जागा, ठावठिकाणा. आणि खोलीला पण ठाव म्हणतात, विहिरीचा ठाव लागत नाही म्हणतो ना. मग मरिया म्हणजे 'ज्याचा ठाव लागत नाही त्याचा ठाव'. आणि ख्रिस्त 'जिवंतांचा ठाव'.

---

पोथीवाला

…

मी उठून उभा राहिलोय. स्क्रीनसमोर, घरात, एकटा.

---

नावात_काय

+१. आणि मठाचं नुसतं नाव म्हणूनही चालतं. 'ठावाचा मठ'. पत्ताही झाला आणि अर्थही झाला. मूळ ग्रीकमध्येही शब्द असाच दोन्हीकडे पाय ठेवून आहे.

---

उंबरठा

मी या धाग्यापुरतं भाषांतर बदलतो: जिवंतांचा ठाव, अथांगाचा ठाव. ताई, आभार मानणार नाही, ऋणात राहतो.

---

कर्यातीचा_पाव्हणा

मी उशिरा आलो. सगळे ग्रीकमागे लागलेत, 'करिये'कडे कुणी बघेना. तेवढ्यासाठी लिहितो.

आमचं गाव चंदगड तालुक्यातलं. आमच्या भागाला 'कर्यात' म्हणतात. लहानपणी वाटायचं कुठल्या तरी देवीचं नाव असेल. पुढे शिवकाळातली कागदपत्रं वाचताना 'कर्यात मावळ', 'कर्यात सासवड' अशी नावं भेटली, तेव्हा कळलं की ही मुलखाची जुनी वाटणी आहे: परगण्याच्या खाली, काही गावांचा मिळून एक गट. शब्द अरबी. 'करिया' म्हणजे गाव, 'करियात' म्हणजे गावं. फारसी दप्तरातून तो आपल्याकडे आला.

आणि तुमच्या पाटीवरचा 'करिये' तोच. ऑटोमन तुर्कीत 'करये' म्हणजे खेडं. तिथेही अरबीतूनच.

म्हणजे इस्तंबूलचा मठ आणि आमची कर्यात एकाच शब्दाची लेकरं.

---

उंबरठा

@कर्यातीचा_पाव्हणा, अहो तुम्ही इतका वेळ कुठे होतात!

हा मुद्दा मला फार महत्त्वाचा वाटतो. ऑटोमन सुलतान दुसऱ्या बायझिदचा वजीर अतिक अली पाशा याने पंधराव्या शतकाच्या शेवटी किंवा सोळाव्याच्या सुरुवातीला या मठाची मशीद केली. तो १५११ मध्ये मारला गेला, म्हणजे त्याच्या आधी. नवं नाव 'करिये'. आता बघा: ग्रीक 'खोरा', अर्थ गावाकडचा मुलूख. तुर्की 'करिये', अर्थ खेडं. मेटोखिटिसने दोनशे वर्षांपूर्वी जो दैवी अर्थ चढवला होता तो नव्या नावात अर्थातच आला नाही. पण त्याच्या खालचा जुना, मातीचा अर्थ जसाच्या तसा आला. एका दृष्टीने पाहिलं तर 'करिये' हे मोझेकवरच्या अक्षरांपेक्षा मूळ नावाशी जास्त इमानी आहे.

---

नावात_काय

थांबा. भाषांतर कशावरून? 'खोरा'चा तुर्की तोंडात अपभ्रंश होऊनही 'करिये' होऊ शकतं. ख-र, क-र. अर्थ जुळला हा योगायोग.

---

कर्यातीचा_पाव्हणा

योगायोग ध्वनीचा असेल किंवा अर्थाचा, पण दोन्ही एकाच वेळी जुळले तर? ऐकणाऱ्याला 'खोरा' ऐकू आला, अर्थ विचारला तर 'खेडं' असं कळलं, आणि आपल्याकडे त्याच अर्थाचा जवळजवळ तसाच ऐकू येणारा शब्द आधीच हजर. तो चिकटला. अशी नावं टिकतात, कारण दोन्ही हातांनी धरता येतात.

---

नावात_काय

दोन्ही हातांनी धरता येतात. ठीक, हेही ग्राह्य.

---

पोथीवाला

भर एवढीच की विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या युरोपीय आणि रशियन पुस्तकांत 'काहरिये' असं लेखन सापडतं. मधे 'ह'. फ्योदोर श्मित या रशियन अभ्यासकाचा १९०६ चा ग्रंथ त्याच नावाचा आहे. ते वाचून कुणी 'कहर'शी नातं जोडू नये म्हणून सांगून ठेवतो.

---

सखाराम_गटणे_नाही

मी जोडणारच होतो.

---

तिसरी_घंटा

पण मला एक कळत नाही. मागच्या वर्षी ग्रीसला गेले होते, पात्मोस बेटावर. तिथे मुख्य गावाचंच नाव 'खोरा'! डोंगरावरचं, मठाच्या भोवतीचं. बसच्या पाटीवर लिहिलेलं. मग खोरा म्हणजे शहर की शहराबाहेर?

---

उंबरठा

दोन्ही, काळाप्रमाणे. आज ग्रीक बेटांवर मुख्य गावाला सर्रास खोरा म्हणतात, बेटावरची 'ती' जागा या अर्थाने. देश या अर्थानेही आजच्या ग्रीकमध्ये हाच शब्द. आणि खेड्याला 'खोरिओ'. बिचारा शब्द रानातून निघाला, गावात आला, राजधानीत गेला आणि शेवटी देश झाला. आजच्या ग्रीक माणसाला मठाचं नाव नुसतं ऐकून 'शहराबाहेर' असा अर्थ सुचेल असं मला वाटत नाही.

---

ग्रहगोल

बाकीच्या मठांची नावं कशी पडायची? सगळीच अशी पत्त्यावरून?

---

पोथीवाला

नाही. बरीचशी बांधणाऱ्याच्या नावावरून, आणि तीही षष्ठीत: 'स्टुडिओसचा', 'लिप्सचा'. आपण 'नातूंचा वाडा' म्हणतो तसं. वाडा पाडून इमारत झाली तरी नाव नातूंचंच. काही देवाच्या नावाने, जसा 'पांतोक्रातोर', सर्वसत्ताधीश. काही कामावरून: 'ओदिगोन' म्हणजे वाटाड्यांचा मठ. आंधळ्यांना हाताला धरून तिथल्या झऱ्यावर नेत म्हणून, अशी कथा. तिथल्या मरियेच्या चित्राला त्यावरून 'ओदिगित्रिया' म्हणू लागले आणि मग ते नाव साऱ्या पूर्वेकडच्या चर्चांत गेलं. १४५३ च्या तुर्की वेढ्यात ते मूळ चित्र तटाजवळ असावं म्हणून कुठे आणून ठेवलं होतं माहितेय? खोरामध्ये. शहर पडल्यावर सैनिकांनी त्याचे चार तुकडे केले असं इतिहासकार दुकास लिहितो.

आणि टोपणनावंही पडायची. 'मिरेलेओन' नावाचा मठ, अर्थ सुगंधी तेलाचा. मठवाल्यांचा दुस्वास करणाऱ्या सम्राट पाचव्या कॉन्स्टंटाइनने त्याचं 'प्सारेलेओन', म्हणजे मासळीचं तेल, केलं असं पात्रिया सांगते. खरं असो नसो, सांगणाऱ्याला मजा आलेली दिसते.

---

उंबरठा

खोराच्या आतल्या ओसरीत आणखी एक नाव आहे, ते राहून जाऊ नये. मोठ्या ख्रिस्ताच्या पायाशी दोन माणसं. एकीकडे थडगं हलवणारा आयझॅक, दुसरीकडे एक संन्यासिनी. तिच्यापाशी लिहिलंय: 'मोंगलांची बाईसाहेब, संन्यासिनी मेलानी'. सम्राट आठव्या मिखाईलची अनौरस मुलगी मरिया, असं बहुतेक अभ्यासक मानतात. तिला हुलागू खानाशी लग्न लावायला पाठवली. ती पोचेपर्यंत हुलागू मेला, म्हणून त्याचा मुलगा अबाका याच्याशी लावलं. तो मेल्यावर ही परत आली. इस्तंबूलमधलं एक लहानसं चर्च आजही 'मोंगलांची मरिया' या नावाने ओळखलं जातं. एका बाईला तिच्या मनाविरुद्ध पाठवलेल्या देशाचं नाव आयुष्यभर चिकटलं आणि नंतर तिच्या देवळालाही.

---

झणझणीत

एवढं सगळं लिहिलंत, पण संग्रहालयाची परत मशीद केली त्याबद्दल चकार शब्द नाही. सोयीस्कर मौन?

---

उंबरठा

@झणझणीत, धागा नावाबद्दल आहे. तरी तारखा देतो: अमेरिकेतल्या बायझंटाइन इन्स्टिट्यूटने १९४७ ते १९५८ मोझेकवरचा चुना आणि मळ काढला, १९५८ मध्ये संग्रहालय म्हणून उघडलं, २०२० मध्ये पुन्हा मशीद करण्याचा निर्णय झाला, मे २०२४ मध्ये नमाज सुरू झाला. मी गेलो तेव्हा ओसऱ्यांतली आणि प्रार्थनागृहातली चित्रं उघडी होती. मुख्य दालनातल्या मोजक्या मोझेकना नमाजाच्या वेळी पडदे लावतात. मला संग्रहालय आवडलं असतं. पण वाद घालायचा तर वेगळा धागा काढा, मी येतो.

---

झणझणीत

काढतो.

---

तिसरी_घंटा

माझं डिसेंबरमध्ये जायचं ठरतंय. तिथे पोचायचं कसं? आणि टॅक्सीवाल्याला काय सांगायचं, कोरा, खोरा की होरा?

---

उंबरठा

टॅक्सी करू नका, ट्राम टी-४ ने एदिर्नेकापी थांब्यावर उतरा. तिथून तटाच्या कडेने उताराने चालत दहा मिनिटं. मी त्या दिवशी तीन जणांना 'कोरा, कोरा' विचारत फिरलो, एकाने मला मोबाइलच्या दुकानात नेलं. चौथ्या, चहावाल्या आजोबांना 'करिये' म्हटलं, त्यांनी कपातला चमचा काढून त्याच चमच्याने गल्ली दाखवली.

---

कर्यातीचा_पाव्हणा

आमच्याकडे या, कर्यातीत. आम्ही चमचा न काढता दाखवतो.